लोणखेड्यातला विलायती कोट

मित्रांनो, लोणखेड्यात रूपचंदभाऊंच्या कपाटात, कडुनिंबाच्या पाल्यात निजलेला मी एक जुना हिरवा कोट आहे. वय साठ, जन्म इंग्लंडातला.

तिकडच्या पोरांनी मला स्कूटरवर मिरवलं. बायकांनी बारीक व्हावं म्हणून डॉक्टर ज्या निळ्या गोळ्या द्यायचे, त्या ही पोरं माझ्या खिशात ठेवायची आणि शनिवार-रविवार न झोपता नाचायची. सरकारनं त्यांवर बंदीचा कायदा केला, तरी खिसा काही रिकामा राहिला नाही. धनी बदलले, गाणी बदलली, गोळ्यांची पूड झाली, पुन्हा गोळ्या आल्या. सोमवारचा चेहरा मात्र प्रत्येकाचा तोच. त्याला शब्द मला इथे, ऊसवाल्यांच्या गावी सापडला: चिपाड. त्या सगळ्यांचा घाम अजून माझ्या अस्तरात आहे. हवा दमट झाली की तो जागा होतो.

शेवटचा धनी हेमकांत, रूपचंदभाऊंचा मुलगा. शिकायला गेला आणि जुन्या बाजारातून मला घेऊन आला. तसल्याच गोळ्या त्यानं आधी नाचायला घेतल्या, मग अभ्यासाला जागायला. तीन वर्षांपूर्वी तो गेला आणि बॅगेतून मी एकटाच आलो.

बाराव्याला त्याचे कपडे वाटले. भिला नावाच्या सालदारानं मला मागितलं, पण हेमकांतच्या आईनं, रंजनाबाईंनी दिलं नाही. लोक म्हणाले, आईची माया.

आता धाकटी भाविका, औषधशास्त्र शिकलेली, तिकडेच निघाली. भावाचा कोट ने, असं रूपचंदभाऊ म्हणाले. गेलेल्याचं कापड प्रवासात नको, म्हणून रंजनाबाई अडून बसल्या. कोटात भूत बसलंय का, असा भाऊंनी टोमणा मारला.

बसलं होतं, मित्रांनो.

माझा आतला खिसा जाड दोऱ्यानं शिवलेला भाविकाला दिसला. तिनं तो उसवला. आत चार गोळ्या. त्या कसल्या हे तिनं ओळखलं आणि तळहात आईपुढे धरला.

"आई, तुले माहीत व्हतं?"

"व्हतं. डॉक्टर बोलना, हिरदं बंद पडनं. कसामुये, ते कोनी इचारं नही."

मग फेकल्या का नाहीत, असं भाऊंनी खाटेवर बसत विचारलं. त्यांचा आवाज मला ओळखू आला नाही.

"तेन्हा हातन्या शेत," रंजनाबाई म्हणाल्या. मुलाच्या हातच्या म्हणून त्या फेकवल्या नाहीत; खिसा त्यांनीच शिवून टाकला होता. "तो फोनवर बोलना, बरा शे. मी फोन ठी दिधा."

भाविकानं गोळ्या कागदात बांधल्या. मला तिनं बॅगेत घेतलं नाही.

"माले तठे झोप नही उनी, तं मी तुले सांगसू. तू फक्त आयकी ले."

ऐकून घेईन, अशी रंजनाबाईंनी मान डोलावली.

माझ्यासारखे जुने कपडे आत्मकथेच्या शेवटी आपली निगा राखायला सांगतात. मी नाही सांगणार. मला कसर लागली तरी चालेल. पण मित्रांनो, लांब गेलेलं तुमचं कुणी 'बरं आहे' म्हणालं, तर लगेच फोन ठेवू नका.