'ने' म्हणजे हो

श्टुटगार्टच्या त्या शाळेपर्यंत ट्राम पोचेस्तोवर मी अर्गिरोला शंभरदा बजावलं होतं. "हो म्हणायचं तर 'या' म्हण. आपलं 'ने' तोंडातून काढलंस तर याद राख!"

आम्हा ग्रीकांचं 'ने' म्हणजे हो, पण जर्मनांच्या कानाला ते 'नाही' वाटतं. सूतगिरणीत यावरून माझी वर्षभर थट्टा झाली, मी हसण्यावारी नेली. आज हसण्यासारखं काही नव्हतं. माझ्या आठ वर्षांच्या भाचीला साध्या शाळेत घालायचं की मंदबुद्धी मुलांच्या, ते परीक्षक लेम्के ठरवणार होते. त्या दुसऱ्या शाळेतून परत आलेलं आमचं एकही पोर मी पाहिलेलं नाही.

"तुम्ही भिंतीशी बसा. मध्ये बोललात तर परीक्षा बंद," लेम्केंनी मला दम दिला.

मग पुस्तक उघडून त्यांनी अर्गिरोला विचारलं, "हे वाचता येतं?"

पोरगी घाबरली होती. "ने."

लेम्केंची पेन्सिल फाइलमध्ये चालली.

"अवघड वाटतं?"

तिने हनुवटी वर उचलून 'च्च' केलं. आमच्यात त्याचा अर्थ 'नाही'. त्यांना ती मान डोलावलेली वाटली. पुन्हा पेन्सिल.

"आकडेमोड येते?"

"ने."

गावाकडची पत्रं हीच मला वाचून दाखवते. मला कुठे वाचता येतं! मला राहवेना.

"साहेब, ती हो म्हणतेय! सगळं येतं तिला!"

"बाई, मी सांगितलं होतं." त्यांनी फाइल मिटली. मग म्हणाले, "परीक्षा परत घ्यावी असं म्हणणं आहे का तुमचं?"

"ने! ने!" मी ओरडले.

"बरं, मग नको." त्यांनी शिक्का उचलला.

काय बोलून बसले ते तेव्हा मला कळलं. सहा वर्षं या देशात काढली आणि ऐन वेळी मीच माती खाल्ली.

अर्गिरो खुर्चीवरून उतरली. तिला इथे येऊन जेमतेम सहा महिने झाले होते. टेबलाशी जाऊन ती जर्मनमध्ये, एकेक शब्द जुळवत म्हणाली, "साहेब, आत्या 'या' म्हणतेय. आमचं 'ने' म्हणजे तुमचं 'या'. मी पण मघापासून 'या'च म्हणत होते."

शिक्का हवेतच राहिला. लेम्केंनी तिच्याकडे पाहिलं, मग फाइलकडे.

"आणि अवघड वाटतं का, विचारलं तेव्हा?"

"नाइन," ती त्यांच्या भाषेतलं 'नाही' ठासून म्हणाली.

त्यांनी शिक्का खाली ठेवला आणि खोडरबर शोधायला खण उघडला.