‘काढा’ बटणाचं काम राहिलं होतं

झारानं बटण दाबलं आणि तिचे अब्बा वारले.

नाव: वजीर होडेकर
वय: ६४
दफन: आज सायंकाळी, असरच्या नमाजनंतर
नोंद झाली आहे.

अब्बा मात्र तिच्या मागेच खुर्चीत बसून बशीतून चहा पीत होते. तीस वर्षं जहाजावर काढलेला माणूस, आता गुडघ्यांनी घरी बसवलेला. नाव त्यांनीच सुचवलं होतं. गावात कुणी गेलं की मशिदीच्या भोंग्यावरून पुकारा होतो, पण कुवेत-दोह्याला गेलेल्यांना भोंगा कसा ऐकू जाणार? म्हणून जमातीनं वेबसाइट काढली, आणि तिच्यावर नोंदी चढवायचं आतलं पान झारा करत होती. तपासायला एक मयत हवी होती. दुसऱ्याचं नाव टाकलं असतं तर त्याच्या घरचे भांडायला आले असते.

“माझं टाक गो,” अब्बा म्हणाले होते. “माझ्या घरून कोण येणार भांडायला? तूच.”

तेव्हापासून महिनाभर ते घरच्या कॉम्प्युटरवर रोज मरत होते. आज दुपारी झारानं ते पान खऱ्या सर्व्हरवर चढवलं, त्यासाठी लागणारी एक ओळ बदलली, आणि हाताला लागलेल्या सवयीनं पुन्हा त्यांनाच मारलं. साइटचं बाहेरचं पान उघडलं तर काळ्या चौकटीत अब्बा. सगळ्या जगासमोर.

‘काढा’ असं बटण होतं. झारानं ते छान लाल रंगवलं होतं. दाबलं की काही होत नव्हतं, कारण त्याच्या मागचं काम तिनं उद्यावर ठेवलं होतं.

तीनला पाच कमी.

कुवेतच्या ऑफिसात साडेबाराला जेवणाची सुट्टी होते, म्हणजे इथले तीन. त्या सुट्टीत आमीर रोज ही साइट उघडतो. आमीर तिचा मोठा भाऊ. अब्बांनी लावून दिलेली जहाजाची नोकरी त्यानं सोडली त्याला तीन वर्षं झाली. तेव्हापासून बापलेकांत शब्द नाही.

झारा ‘काढा’च्या मागचं काम लिहायला बसली. टाइप, टाइप, चूक, पुसलं, टाइप. घरात टेलिफोनची लाइन एकच. इंटरनेट लावलं तर फोन बंद. फोन मोकळा ठेवला तर अब्बा तसेच चौकटीत.

तीन वाजून चार. जोडलं. मोडेम किंचाळला. तुटलं.
तीन वाजून सात. जोडलं. तुटलं.
तीन वाजून नऊ. फोन वाजला.

अब्बांचा हात आधी पोचला.

“हॅलो,” ते म्हणाले. पलीकडून रडण्याचा बारीक आवाज झारापर्यंत आला. “हां,” अब्बा म्हणाले. “हां बेटा. थांबवतो.” त्यांनी फोन ठेवला.

“काय थांबवता?”

“दफन. तिकीट काढून आजच निघतो म्हणाला. मला चाचा समजला. आवाज सारखाच आमचा.”

“आणि तुम्ही सांगितलं नाही?”

“उद्या येऊन बघेल की.”

“रात्रभर रडेल तो, अब्बा.”

“तीन वर्षं मी काय हसत होतो?”

झारानं फोन ओढून घेतला. परदेशी फोन लावायच्या आयएसडीला कुलूप, आणि कुलपाचे आकडे फक्त अब्बांना ठाऊक. “नंबर सांगा.”

“मेलेल्या माणसाला काय आठवणार?”

नाक्यावरचा फोनचा बूथ दुपारचा बंद, चारला उघडणार. तोवर आमीर ऑफिसातून निघाला तर तो विमानातही रडत बसेल. झारानं मोडेमची वायर लावली. यावेळी जोडलं गेलं, पण घाईत लिहिलेलं ‘काढा’ चालेना. काढता येत नव्हतं, पण टाकता येत होतं.

नाव: वजीर होडेकर
वय: ६४
दफन:

रकाना रिकामा सोडून पुढे जाता येईना. तिनंच तसं केलं होतं.

दफन: नाही. आमीर, अब्बा जिवंत आहेत. तुझ्याशी तेच बोलले. चूक माझी. घरी फोन कर.

अब्बांनी चष्मा लावून वाचलं. झाराला वाटलं, ते वायर उपटतील.

नोंद झाली आहे.

त्यांनी वायर उपटलीच. आणि स्वतःच्या हातांनी ती फोनच्या मागे खोचली. मग टोपी काढून केसांवरून हात फिरवला, पुन्हा घातली.

“जेवण किती वेळ चालतं त्यांचं?”

“अर्धा तास.”

तीन पंचवीस. तीन सव्वीस. अब्बांनी फोन उचलून लाइन आहे का पाहिलं. “उचलू नका, तो लावत असेल तर?” त्यांनी पटकन ठेवला.

तीन अठ्ठावीसला वाजला.

“हां,” अब्बा म्हणाले. “मीच.”

मग बराच वेळ त्यांना बोलायला मिळालं नाही. आमीर ओरडत होता ते झाराला दारापर्यंत ऐकू येत होतं. अब्बांनी फोन कानापासून लांब धरला नाही.

“बोल,” ते मधेच म्हणाले. “अजून बोल.” आणि आवाज थोडा बसला तेव्हा, “ते तिकीट तेवढं रद्द करू नको.”