पिसशेपट्या

नवरा गेल्यावर गोजराबाई मलायातून बंगळूरला परत आल्या, ते साल १९५५. कँटोन्मेंट स्टेशनवर त्यांना घ्यायला थोरले भाऊ मालोजीराव आले होते. पांढरं लुगडं, खाली घातलेली मान, अशी काहीतरी त्यांच्या मनाची तयारी होती. गाडीतून उतरली ती फुलाफुलांची साडी नेसलेली, काखेत छत्री धरलेली, ताठ चालणारी बाई. ट्रंका हमालाच्या डोक्यावर चढल्या. हातातली वेताची टोपली मात्र तिनं कोणाला धरू दिली नाही.

"दे इकडं, मी घेतो," मालोजीराव म्हणाले.

"नको अण्णा. हिसका बसला की ती घाबरतात."

"ती म्हणजे कोण?"

"घरी चल, दाखवते."

चामराजपेटेतल्या घरी माजघरात टोपलीचं झाकण उघडलं. आत चिंध्यांच्या उबेत करड्या रंगाची दोन जनावरं एकमेकांना बिलगून झोपली होती. खारीहूनही लहान. कान मोठे आणि पातळ, डोळ्यांवरून काळा पट्टा ओढलेला. वहिनी सकवारबाई "अगं आई, उंदीर!" म्हणून मागं सरल्या. तेवढ्यात एकानं झोपेतच कूस बदलली आणि त्याची शेपटी टोपलीच्या काठावरून बाहेर लोंबली. अंगापेक्षा लांब, उघडी, काळपट शेपटी. आणि टोकाकडं दोन्ही बाजूंनी फुटलेले पांढरे लांब केस. कोणीतरी कोंबड्याचं पीस आणून टोकाला खोवावं तशी.

मालोजीरावांची मुलगी शालन कॉलेजात सायन्स शिकत होती. ती गुडघ्यांवर बसून बघत राहिली. "आत्या, हे काय आहे?"

"आमच्या इस्टेटीवरचा गोरा डॉक्टर पेन-टेल म्हणायचा. पूर्वी पिसाची लेखणी करून लिहायचे ना, तशी शेपूट म्हणून. मी पिसशेपट्या म्हणते."

गोजराबाई आणि त्यांचे यजमान प्रतापराव रबराच्या इस्टेटीवरच्या दवाखान्यात होते. ते कंपाउंडर, आणि त्या तिथंच सुइणीचं काम शिकून तयार झालेल्या. नव्या लागवडीसाठी रान तोडताना एका झाडाच्या ढोलीतून ही दोन पिल्लं मजुरांना सापडली. आई फांदीखाली चिरडली होती. डोळेही न उघडलेली पिल्लं गोजराबाईंनी कापसाची वात दुधात भिजवून जगवली. वर्षभरात प्रतापराव तापानं गेले. इस्टेटीवरच्या माणसांनी समजावलं, सामान विका, जनावरं रानात सोडा आणि सुटसुटीत जा. पण माणसाच्या हातून वाढलेली पिल्लं रानात किती टिकणार, असं म्हणून गोजराबाईंनी त्यांना बोटीवर आपल्या बंकखाली ठेवून मद्रासपर्यंत आणलं होतं.

मालोजीरावांचं चिकपेटेत घड्याळांचं दुकान होतं. माणूस वाईट नव्हता; चार लोक काय म्हणतील या भीतीत जन्म गेलेला. बहिणीला त्यांनी मागची खोली दिली. पिसशेपट्या दिवसभर टोपलीत झोपायच्या आणि दिवेलागण झाली की बाहेर पडून वाशांवरून हिंडायच्या. घरातली झुरळं महिन्याभरात नाहीशी झाली. याचं श्रेय सकवारबाईंनी गुपचूप मान्य केलं, पण शेजारी मान्य करायला तयार नव्हते. पीस लावलेला उंदीर घरात फिरतो म्हणजे कोणीतरी करणी केली असणार, असं बोळात बोललं जाऊ लागलं.

त्यात शालनला बघायला पाहुणे आले. संध्याकाळ उलटली तरी बैठक उठेना. नवऱ्यामुलाची मावशी चिवड्याची बशी हातात घेऊन मुलीला चहा करता येतो का, वाचन किती, रंग उन्हानं गेलाय का, असं विचारत बसली होती. तिच्या डोक्यावरच्या वाशावर एक पिसशेपटी येऊन थांबली. तिनं शेपटी खाली सोडली आणि ते पांढरं पीस मावशीबाईंच्या नाकासमोर इकडून तिकडं हलू लागलं. बशी पडली. पाहुणे गेले ते परत आले नाहीत.

"माझ्या पोरीचं लग्न मोडलं तुझ्या त्या उंदरांनी!" मालोजीराव ओरडले.

"मला नाहीच करायचं होतं," शालन आतून म्हणाली. तिच्याकडं कोणी लक्ष दिलं नाही.

शालननं कॉलेजात प्राध्यापक उमाकांत यांना या जनावरांबद्दल सांगितलं. ते धारवाडकडचे, मराठी बोलणारे, प्राणिशास्त्राचे मोठे नावाजलेले शिक्षक. त्यांनी भर वर्गात तिला उभं केलं आणि म्हणाले, "सर्कसवाल्यांकडं दोन तोंडांचा साप असतो, तुमच्या आत्याबाईंकडं पिसाचा उंदीर आहे. दोन्हीला एकच डिंक लागतो." वर्ग हसला. शालन घरी येऊन न जेवता झोपली.

दुसऱ्या दिवशी गोजराबाई ठेवणीतली साडी नेसल्या, टोपली घेतली आणि कॉलेजात गेल्या. प्रयोगशाळेत मुलं बेडूक फाडत होती. त्या सरळ प्राध्यापकांच्या टेबलापाशी गेल्या.

"मी शालनची आत्या. डिंकवाली."

प्राध्यापक गडबडले. "बसा ना बाई..."

"बसायला आले नाही. तुम्ही न बघता माझ्या पोरीला खोटं पाडलंत. आता सगळ्यांसमोर बघा." त्यांनी झाकण काढलं. "हात लावायचा तर ओंजळीत घ्या. ओढायचं नाही."

प्राध्यापकांनी चष्मा सारखा केला, भिंग आणलं आणि शेपटी चिमटीत धरून पीस हलकेच ओढून बघितलं. पीस निघालं नाही. झोपमोड झालेल्या पिसशेपटीनं त्यांचं बोट कडाडून चावलं. मुलं पुन्हा हसली, या खेपेला दुसऱ्या कोणाला तरी.

बोटाचं रक्त तसंच ठेवून प्राध्यापकांनी कपाटातून एक जाड ग्रंथ काढला, पानं उलटली आणि एका चित्रावर थांबले. मग टोपलीकडं बघितलं, पुन्हा चित्राकडं. सरळ उभे राहून ते म्हणाले, "शालन, माझं चुकलं. बाई, तुमची मी माफी मागतो."

गोजराबाईंनी मान हलवली. इथंच मिटायचं, पण प्राध्यापकांचे डोळे टोपलीवरून हलत नव्हते.

"बाई, ही इथं ठेवून जा. आपल्याकडं कुठल्याच कॉलेजात हा नमुना नसेल. एक स्पिरिटमध्ये राहील, एकाचा सांगाडा करू. शंभर वर्षं मुलं बघतील."

"म्हणजे मारणार."

"क्लोरोफॉर्म. काही कळत नाही त्यांना. नाहीतरी आणखी वर्षा-दोन वर्षांत मरणारच आहेत."

"आपण पण मरणारच आहोत, सर," गोजराबाईंनी झाकण लावलं. "म्हणून आजच बरणीत बसायचं का?"

प्राध्यापकांनी नाद सोडला नाही. शनिवारी ते चिकपेटेतल्या दुकानात मालोजीरावांना जाऊन भेटले. कॉलेजच्या संग्रहात तुमच्या घराण्याचं नाव लागेल म्हणाले. मालोजीरावांना दोन्ही हातांत लाडू दिसले, घरातून पीडा जाते आणि वर मान मिळतो. उद्या येऊन घेऊन जा, असा त्यांनी शब्द दिला आणि घरी येऊन बहिणीला सांगितला.

गोजराबाई तांदूळ निवडत होत्या. त्यांनी सूप बाजूला ठेवलं.

"अण्णा, तू तुझी घड्याळं दे त्यांना. ही माझी आहेत."

"मी शब्द दिलाय गोजरा! एवढा विद्वान माणूस दुकानात आला, लोकांनी बघितलं."

"मला विचारून दिलास का?"

"माझ्या घरात माझा शब्द चालेल. उंदरांसाठी भावाची अब्रू घालवतेस?"

"त्यांना इथं आणताना मी त्यांना विचारलं नव्हतं. त्यांचं रान गेलं, आई गेली, मी टोपलीत घालून समुद्रापलीकडं आणलं. आता कोणी मोठा माणूस आला म्हणून ओंजळ उघडू? मला नाही जमणार."

"मग या घरात राहणं पण जमणार नाही," मालोजीराव म्हणून गेले. म्हणताक्षणी त्यांचा चेहरा उतरला, पण शब्द मागं घ्यायची सवय त्यांना नव्हती.

"सरी, ठीक आहे," गोजराबाई म्हणाल्या आणि ट्रंक ओढायला आत गेल्या.

सकवारबाई दारापर्यंत रडत आल्या. शालननं टांगा बोलावला. बसवनगुडीतल्या एका प्रसूतिगृहात गोजराबाईंना आधीच बोलावणं होतं. भावाला आवडणार नाही म्हणून त्यांनी हो म्हटलं नव्हतं. वाटेत थांबून त्यांनी हो म्हटलं. तिथल्या आयाच्या ओळखीनं संध्याकाळच्या आत बनशंकरीच्या देवळापलीकडं मल्लाप्पाच्या पेरूच्या बागेतली कौलारू खोली मिळाली. मल्लाप्पानं एकट्या बाईला खोली द्यायला स्वल्प कां-कू केली. गोजराबाईंनी विचारलं, "तुमच्या सुनेचे दिवस भरत आलेत म्हणे. रात्री-अपरात्री सुईण कुठून आणणार?" त्यानं किल्ली दिली.

रविवारी दुपारी प्राध्यापक चामराजपेटेत पोचले. बरोबर कॉलेजचा शिपाई आणि काचेची मोठी बरणी. घरातलं रामायण कळल्यावर त्यांना परत जाता आलं असतं, पण ते हट्टाला पेटले होते. टांगेवाल्याकडून पत्ता काढून, मालोजीरावांना घेऊन ते घोड्याच्या जटक्यानं बनशंकरीला आले. तेव्हा तिकडं वस्ती विरळ होती. शेतं, बागा, मध्येच खडक. खोलीच्या दारात गोजराबाई उंबऱ्यावर बसल्या होत्या, शेजारी शालन.

"तू इथं काय करतेस?" मालोजीराव मुलीवर खेकसले.

"आत्याला चूल मांडून द्यायला आले," शालन म्हणाली आणि जागची हलली नाही.

प्राध्यापक पुढं झाले. "बाई, हा माझ्या हौसेचा प्रश्न नाही. ज्ञानाचा आहे. तुम्ही शिकलेल्या आहात, तुम्हीच आडवं यावं?"

"मी आडवी आलेलीच आहे. आत जायचं तर मला ओलांडून जावं लागेल. जाल?"

प्राध्यापक दोन पावलं मागं सरकले. शिपाई बरणी घेऊन पेरूच्या सावलीत जाऊन उभा राहिला.

"सर, एक विचारते," गोजराबाई म्हणाल्या. "ती शेपटी कशाला आहे, माहीत आहे तुम्हाला?"

"त्यावर... फारसं लिहिलेलं नाही कोणी."

"बरणीतली सांगेल?"

गोजराबाईंनी चटई आणून अंगणात टाकली. "बसा. दिवेलागणीला त्या बाहेर येतात. बोलायचं नाही, हलायचं नाही. बघा, आणि मग जा."

प्राध्यापक बसले. मालोजीरावही थोडं लांब दगडावर टेकले, जायला जटका तोच होता म्हणून. ऊन पेरूंच्या शेंड्यांवरून उतरलं. गोजराबाईंनी आतला कंदील मंद केला. मग कौलांखालच्या वाशावर आधी एक आणि तिच्या मागं दुसरी आली. दोघी वाशावरून सरसर धावल्या आणि शेपटी मागं इकडून तिकडं, इकडून तिकडं, लंबकासारखी हलत राहिली. अंधारात करडं अंग दिसेना. दोन पांढरी पिसं तेवढी हवेत चालत होती. एकीनं कंदिलाजवळचा पतंग दोन्ही हातांनी झडप घालून धरला आणि बसून खाल्ला. कुठंतरी घुबड बोललं. दोन्ही पिसं जागच्या जागी थांबली, कान वळले, आणि बऱ्याच वेळानं ती पुन्हा हलू लागली.

"आता ही जी थांबली ना," प्राध्यापक कुजबुजले, "ती का थांबली?"

"बोलायचं नाही म्हटलं होतं," गोजराबाई म्हणाल्या.

पार काळोख होईपर्यंत प्राध्यापक तसेच बसून राहिले. उठताना त्यांच्या पायाला मुंग्या आल्या होत्या. शालननं हात दिला. बरणी रिकामीच परत गेली.

त्यानंतर ते दर गुरुवारी येऊ लागले. कधी दोन-तीन विद्यार्थी बरोबर असत. अटी गोजराबाईंच्या होत्या. बॅटरी लावायची नाही, हात लावायचा नाही, आणि पुढं बसेल ती शालन. मालोजीरावांनी त्या वर्षी आणखी दोन स्थळं आणली. शालननं दोन्हीकडं पुढं शिकणार म्हणून सांगितलं आणि तिसरं आणू दिलं नाही. ते बहिणीच्या दारात पुन्हा आले ते बऱ्याच दिवसांनी, एक भिंतीवरचं घड्याळ घेऊन. "नोकरीला वेळेवर जावं लागत असेल," एवढंच बोलले. गोजराबाईंनी घड्याळ टांगलं, त्यांना जेवायला वाढलं. माफी कोणीच मागितली नाही.

पिसशेपट्या पुढं दोन वर्षं जगल्या. पहिली थंडीत गेली, दुसरी त्यानंतर खाईना. ती गेली त्या आठवड्यात प्राध्यापक नेहमीसारखे आले आणि रिकाम्या वाशाकडं बघून त्यांना समजलं. शालन उंबऱ्यापाशी बसली होती, तिच्याशेजारी ते टेकले.

"बाई, यांच्यावर मी जे लिहिलं ते परदेशात पाठवलं होतं. नमुना दाखवा म्हणतात, नाहीतर छापणार नाहीत." ते अडखळले. "आता तर मारायचा प्रश्न नाही. कुठं पुरलंत ते सांगाल?"

"नाही."

"का पण? आता काय फरक पडतो?"

"तुम्हाला पडत नाही. मला पडतो. जन्मभर त्यांना कोणी ना कोणी धरायला बघत होतं. आता नाही सापडायच्या त्या. आणि तुमच्या त्या छापणाऱ्यांना म्हणावं, दर गुरुवारी अंगणात चटई टाकलेली असायची. यायचं होतं."

प्राध्यापकांना राग आला होता, आणि हसूही येत होतं. ते काही म्हणणार तोच मल्लाप्पा बागेतून धावत आला. सुनेला दुसऱ्या खेपेच्या कळा सुरू झाल्या होत्या. गोजराबाईंनी खुंटीवरची पिशवी घेतली आणि पदर खोचला.

"शालन, पाणी तापत ठेव आणि मागून ये. सर, तुम्ही कंदील धरा. वाटेत दगड आहेत."

प्राध्यापकांनी कंदील उचलला आणि त्यांच्यापुढं चालू लागले.