सतराव्या वर्षाचा विक्रम

चेंडू बॅटवरून सुटला तेव्हा नुसत्या आवाजावरून फेर्मीनला कळलं, की हा लांब जाणार. केळ्याची तळलेली चकती तोंडाशी नेता नेता त्याचा हात थांबला आणि मनातल्या मनात तो चेंडूला म्हणाला, भिंतीला लाग. डावीकडच्या भिंतीवर, जिथे थोड्या वेळाने त्याच्याच नावाची पाटी उघडायची होती आणि तोवर ती निळ्या कापडाने झाकून ठेवली होती, तिथे आदळ आणि खाली पड. चेंडूने ऐकलं नाही. कापडाच्या वरून तो निवांत पलीकडे गेला, रस्त्यावरच्या आंब्याच्या झाडात शिरला, आणि अख्खं स्टेडियम उभं राहिलं.

सगळ्यांच्या आधी उभा राहिला तो ग्वेलो, फेर्मीनचा भाऊ. होमरन त्याच्या पोराने मारला होता. पोराचं नाव यादिएल. कान्येरोस या बेसबॉल संघात येऊन त्याला पुरता महिनाही झाला नव्हता आणि ओठांवर मिसरूडही धड फुटलं नव्हतं. तो खाली बेसना वळसे घालत पळत होता आणि वर पाहुण्यांच्या रांगेत बापाने टोपी कुठल्या कुठे भिरकावली होती. मग वाकून ग्वेलोने भावाला मिठी मारली आणि पाहिलंस ना, पाहिलंस ना, असं दहादा विचारलं. फेर्मीनने पाहिलं होतं. मनात काय म्हटलं तेही त्याने ऐकलं होतं. सख्ख्या पुतण्याचा चेंडू पडावा म्हणून साकडं घालणारा माणूस आपल्यात राहतो, हे त्याला ठाऊक नव्हतं, आणि आता त्या माणसाकडे बघवत नव्हतं.

फेर्मीन ही हाक त्या स्टेडियममध्ये कुणी मारली असती, तर लोकांनी ग्वेलोकडे पाहिलं असतं. हे कसं झालं, ते उसाच्या मळ्याकडेच्या त्यांच्या वस्तीत शेंबड्या पोरालाही माहीत होतं आणि वस्तीबाहेर कुणालाच नाही.

तीस वर्षांपूर्वी खेळाडू हेरत हिंडणारा एक दलाल वस्तीवर आला होता. फेर्मीनचा खेळ पाहून त्याने मान डोलावली आणि वय विचारलं. एकवीस म्हटल्यावर तो म्हणाला, एकवीस म्हणजे कालचं तळलेलं केळं, फुकट दिलं तरी कुणी उचलत नाही. घरात याहून लहान कुणी आहे का? लहान होता. लेओकादियो सेवेरिनो, वय सतरा, ज्याला सगळे ग्वेलो म्हणत. वस्तीवर जन्मदाखल्यातल्या नावाने कुणी कुणाला हाक मारत नाही; ते नाव ट्रंकेत असतं आणि लग्नाला नाहीतर मयताला बाहेर निघतं. आईने ट्रंक उघडली. थोरला पुढे जाऊ दे, म्हणाली, तो धाकट्याला ओढून घेईल. धाकट्याने स्वतःच्या हाताने आपला दाखला भावाला दिला, सणाला आपला शर्ट द्यावा तसा.

त्या दिवसापासून थोरला भाऊ जगाच्या लेखी लेओकादियो झाला. पुढल्या वर्षी तोच दलाल ग्वेलोला पाहायला आला. ग्वेलोचे हात भावापेक्षा सरस, असं सगळी वस्ती म्हणायची आणि फेर्मीनलाही ते पटायचं. दलालाने दाखला मागितला. ट्रंकेत एकच उरला होता, फेर्मीनचा, बावीस वर्षांचा. दलाल पोट धरधरून हसला. म्हणाला, या घरात पोरं उलट्या क्रमाने जन्मतात वाटतं. ग्वेलोही त्याच्याबरोबर हसला. मग भावाने घेऊन दिलेल्या मोटरसायकलवर तो माणसं पोहोचवू लागला आणि अजून तेच करत होता.

आता पाहुण्यांच्या रांगेत ग्वेलोचा मान थोरल्याचा होता. क्लबच्या अध्यक्षांनी आल्या आल्या त्याला मधली खुर्ची दिली होती. थोरले असून केस कसे काळेभोर, आणि धाकटे बघा किती लवकर पिकले, असं अध्यक्षांच्या बायकोने दोघांना शेजारी बघून म्हटलं होतं. ग्वेलोने तिला सांगितलं, की धाकट्याने नाव कमावलं, बाई, त्याचा ताप डोक्याला होतोच. फेर्मीन तेव्हा बुटांच्या नाड्या बांधायला खाली वाकला होता. त्या आधीच बांधलेल्या होत्या.

जल्लोष जरा खाली बसतो न बसतो तोच प्लासिदो मास्तर खुर्च्यांमधून वाट काढत आले. मास्तर शाळेतून निवृत्त झालेले, आणि क्लबच्या साऱ्या हंगामांचे आकडे त्यांच्या जिभेवर असत. कोणी किती फटके मारले, कोण कुठल्या वर्षी किती सामने घरी बसला, हे ते पोराबाळांच्या बारशाच्या गोष्टी सांगाव्यात तितक्या मायेने सांगत. त्यांच्या चेहऱ्यावर घाम आणि आनंद दोन्ही होते.

"लेओ, वाचलास," ते म्हणाले. "मी आत्ता मोजून आलो. तू पहिला होमरन मारलास तेव्हा सतरा वर्षं तीन महिन्यांचा होतास. पोरगा सतरा वर्षं पाच महिन्यांचा आहे. दोन महिन्यांनी वाचला तुझा विक्रम."

आणि फेर्मीनला हायसं वाटलं. अगदी खरंखुरं, उन्हातून सावलीत आल्यासारखं. एवढंसंच टिकलं ते, पण त्याने ते अंगात शिरताना ओळखलं, आणि त्यामागोमाग लाज आली ती कानांच्या पाळ्यांपर्यंत चढली. त्याचे बाकीचे विक्रम त्याने घाम गाळून, गुडघे झिजवून मिळवले होते. ते एकेक करून नव्या पोरांनी मोडले. हा तेवढा बसल्या जागी मिळालेला, म्हणूनच की काय, कुणाला मोडता आला नव्हता. पाटीवरही तोच कोरला होता: संघाच्या इतिहासात सर्वांत लहान वयाचा होमरनवीर. एकवीस वर्षांच्या बाप्याने मारलेला फटका.

भोंग्यावरून मास्तरांचा हिशेब साऱ्या स्टेडियमला ऐकवला गेला. यादिएल सेवेरिनो दुसरा. पहिला कोण, ते या मैदानाला सांगायला नको. लोक वळून त्याच्याकडे पाहू लागले, लेओ, लेओ, म्हणून टाळ्यांचा ठेका धरू लागले. त्याला उठून हात हलवावा लागला. शेजारी ग्वेलो सगळ्यांहून जोरात टाळ्या वाजवत होता, आणि त्या टाळ्यांत कुठेही कुसळ नव्हतं, हेच फेर्मीनला सोसवेना.

डाव संपल्यावर यादिएल पळत कठड्याशी आला. तोंड मातीने माखलेलं, दात तेवढे पांढरे.

"काका, थोडक्यात राहिलं," तो वर पाहून म्हणाला.

"थोडक्यात," फेर्मीन म्हणाला.

"आता काय उपयोग. पुढच्या वर्षी मी आणखी म्हातारा होणार." पोरगा हसला, टोपीला हात लावला आणि आपल्या बाकाकडे गेला. आजूबाजूचे लोकही हसले. फेर्मीनने हसायचा प्रयत्न केला, पण ओठ दातांना चिकटले.

तो उठला. पाणी पिऊन येतो म्हणाला, आणि प्रेक्षकांच्या पायऱ्यांखालून कपडे बदलायच्या खोलीकडे जाणाऱ्या बोळात उतरला. आता बोळाच्या टोकाशी प्लासिदो मास्तर त्याची जुनी जर्सी इस्त्री करून हातावर घेऊन उभे होते. पाचवा डाव संपला की पाटी उघडण्याचा समारंभ होता. फेर्मीन त्यांच्यासमोर जाऊन उभा राहिला. माणसाला ओकारी यायच्या आधी जसं फक्त एवढंच कळतं, की आता थांबवता येणार नाही, तसं त्याला झालं होतं.

"मास्तर, तो पोराचा होमरन," तो म्हणाला. "तो दुसरा नाही."

"म्हणजे?" मास्तर म्हणाले. "तीनदा मोजलंय मी."

"तुमचं मोजणं बरोबर आहे. पण मुळात माझं—"

"मास्तर, याला आधी पाणी द्या हो," मागून ग्वेलोचा आवाज आला. तो धापा टाकत होता. "सकाळपासून पोटात अन्न नाही याच्या. समारंभाच्या धसक्याने बरळतोय. बर्फाचं पाणी मिळेल कुठे?"

मास्तरांनी फेर्मीनच्या घामेजल्या तोंडाकडे पाहिलं, जर्सी ग्वेलोच्या हातात दिली आणि लगबगीने पाणी आणायला गेले. ग्वेलोने ते वळणापलीकडे जाईपर्यंत वाट पाहिली. मग तिथल्या उपड्या खोक्यावर भावाला खांद्याने दाबून बसवलं.

"सांगणार होतास?"

"हो."

"सगळं?"

"विक्रम पोराचा आहे, ग्वेलो. आज मारला त्याने, माझ्या डोळ्यांदेखत. आणि मी वर बसून त्याच्या टाळ्या घेतल्या. मला नाही जमत आता."

 ग्वेलोने जर्सीची घडी छातीशी नीट धरली, घामाचा डाग पडू नये म्हणून पुन्हा हातावर घेतली.

"गेल्या मंगळवारी त्या अमेरिकन क्लबचा चौकशीवाला घरी आला होता," तो म्हणाला. "पोराचा करार त्याच्या सहीवर अडलाय. भला माणूस, कॉफी घेतली, खुर्चीचं कौतुक केलं. मग मला नाव विचारलं. मी सांगितलं, फेर्मीन सेवेरिनो. पोराच्या दाखल्यावर बापाचं तेच नाव आहे, माझ्याकडे दुसरं होतंच कुठे घालायला? त्याने घोळवून घोळवून तीनदा विचारलं. तीनदा सांगितलं. पोरगा शेजारी बसला होता."

"त्याला माहीत आहे?"

"वस्तीत वाढलाय तो. त्याला कळायला लागलं तेव्हापासून माहीत आहे."

फेर्मीनला कठड्याखालचं ते मातीने माखलेलं तोंड आठवलं, काका, थोडक्यात राहिलं म्हणणारं. पोराने ते सगळ्या रांगेला ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने म्हटलं होतं. काकाने उघडं पडू नये म्हणून सतरा वर्षांचं पोर चारचौघांत हसून खोटं बोललं होतं, आणि एकावन्न वर्षांच्या माणसाला त्याच्यासमोर नीट हसताही आलं नव्हतं. त्याने दोन्ही हातांनी तोंड झाकलं.

"तू आत्ता मास्तरांना सांगितलंस की उद्या पेपरात येणार," ग्वेलो म्हणाला. "परवा तो कॉफीवाला परत येणार. मग पोराचा बाप कोण, दाखला कुणाचा, वय खरं की खोटं, सगळं उकरणार. तुझं काय, तू खेळून मोकळा झालास. वर लोक म्हणतील, बघा, शेवटी खरं बोलला, मर्दासारखा बोलला. रडतीलसुद्धा."

"मला कौतुक नकोय."

"पण हलकं व्हायचंय ना?" ग्वेलोने आवाज चढवला नाही. तीस वर्षांत त्याने कधीच चढवला नव्हता. "नाव तू नेलंस, त्याचं मला काही नाही. आईने दिलं, मी दिलं. पण आता खरेपणाही तूच नेणार? आम्हा बापलेकांना काय ठेवणार मग?"

 इतकी वर्षं फेर्मीनने मनाशी धरलं होतं, की आपण एक दिवस सगळं सांगू, आणि तो दिवस आपल्या हातात आहे. तोही त्याचा नव्हता. हे ओझं खाली ठेवायचं झालं तर ते नेमकं पोराच्या पायावर पडणार होतं, आणि ते उचलून उभं राहायची लाज, आज आणि यापुढे रोज, त्याच्या एकट्याच्या वाट्याची होती.

मास्तर पाण्याचा पेला सांभाळत आले. फेर्मीन पाणी प्यायला, सगळं, लहान मुलासारखं एका दमात.

"काय सांगत होतास पोराबद्दल?" मास्तरांनी विचारलं. "दुसरा नाही म्हणालास."

फेर्मीनने भावाकडे पाहिलं. ग्वेलो जर्सीची बटणं सोडत होता, जणू त्याने काही ऐकलंच नाही.

"दुसरा राहणार नाही फार दिवस, म्हणत होतो," फेर्मीन म्हणाला. "माझे उरलेले सगळे विक्रम तो मोडेल."

"तेवढा एक सोडून," मास्तर समाधानाने म्हणाले आणि पुढे व्यवस्था बघायला गेले.

ग्वेलोने त्याला जर्सी घातली. एक बाही, मग दुसरी. पोटावर ती आता घट्ट होत होती. ग्वेलोने त्याला श्वास आत घ्यायला लावला आणि खालचं बटण कसंबसं बसवलं. बोळाच्या तोंडाशी संध्याकाळचं ऊन तिरपं येऊन पडलं होतं. बाहेर पाचवा डाव संपला, बँडने दोनदा सूर लावून पाहिला, आणि मग भोंग्यावरून पुकारा सुरू झाला. आधी गावाचं नाव, मग वस्तीचं, मग अठरा हंगाम, आणि मग सगळं स्टेडियम गप्प झाल्यावर, एकेक अक्षर लांबवत, लेओकादियो सेवेरिनो.

फेर्मीन जागचा हलला नाही. पुकारा पुन्हा झाला.

ग्वेलोने त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि त्याला उन्हाच्या दिशेने हलकेच ढकललं.

"जा," तो म्हणाला. "मला बोलावतायत."