पुलावरचा दरोगा

सईद सतराव्यांदा मेला, तेव्हा राबिया ओट्यापाशी भेंडी चिरत होती.

"मेले का?" तिनं मान वर न करताच विचारलं.

"मेलो," सईद म्हणाला.

"मंग चहा टाकू?"

"टाक."

चार दिवसांपासून दुपारचा हाच कार्यक्रम चालला होता. मुलीच्या, उमैमाच्या, लॅपटॉपवर एक गेम होता. त्यात म्हणे अख्खा मुलूख मोकळा, डोंगर, नदी, गावं, कुठूनही कुठेही जा, कोणी अडवत नाही. सईदला मात्र पहिल्या पंधरा मिनिटांतच अडवणारा भेटला होता. नदीवर एक दगडी पूल, आणि पुलाच्या मधोमध डोक्यापासून पायापर्यंत लोखंडात बांधलेला, खांबाएवढा सोटा घेतलेला एक राक्षस. सईदनं त्याचं नाव ठेवलं होतं दरोगा. दरोग्याचा एक फटका बसला की सईदच्या फाटक्या शर्टातल्या हिरोचा खेळ खलास. पुन्हा पुलाच्या अलीकडे उभं राहायचं, पुन्हा मार खायचा.

उमैमा रोज एसटीनं जाऊन-येऊन बुलढाण्याला बीएस्सी करत होती, दुसऱ्या वर्षाला. मामेभावानं नवा लॅपटॉप घेतला म्हणून त्याचा जुना तिच्याकडे आला, आणि त्याच्यासोबत हातात धरायचा रिमोटही आला. तिनं नेटवर शोधून वडिलांना समजावून सांगितलं होतं.

"अब्बा, याच्या नादी नाई लागा लागत अजून. सारेच सांगून राह्यले. खालून नदीच्या कडेनं वाट हाये. तिकडून जायचं, दहा-बारा तास खेळायचं, चांगली तलवार भेटली की मंग याच्याकडं यायचं."

"रस्ता समोर दिसून राह्यला, तं मी चोरावानी खालून काऊन जाऊ?"

"चोरावानी काय त्याच्यात? गेमच तसा हाये."

"तू अभ्यास कर."

आता पन्नाशीला टेकलेल्या माणसाला हा नाद कुठून लागला, ते सांगायला हवं. सईद बुलढाण्याजवळच्या देऊळघाटचा पंपवाला. पंपवाला म्हणजे फवारणीचे पंप दुरुस्त करणारा. एसटी थांबते तिथे समोरच त्याचं पत्र्याचं दुकान. बीटी कपाशी नवी नवी आली, तेव्हा लोकांनी त्याची बरीच फिरकी घेतली होती. आता अळीच पडणार नाही म्हणे, सईदभाई, तुम्ही आपले सायकलचे पंक्चर काढा! दोन-चार हंगाम खरंच थंड गेले. मग पानांचा रस शोषणारे किडे आले, त्यामागून गुलाबी बोंडअळी आली, आणि यंदा तर लोकांनी घाबरून तीन-तीन औषधं एकाच टाकीत कालवली. सईदच्या दुकानापुढे पंपांची रांग लागली.

नोझल चोंदलं की ते तोंडाला लावून फुंकायचं, ही त्या धंद्यातली रीतच. शेतकरी तेच करतो, मजूर तेच करतो, मिस्त्रीही तेच करतो. फुंकून मोकळं झालं नाही, तर ओढायचं आणि थुंकायचं. बावीस वर्षं सईदनं हेच केलं. ऑगस्टच्या शेवटी एका दुपारी त्यानं एक नोझल असंच ओढलं. पाऊण तासानं त्याच्या तोंडातून फेस येत होता आणि समोरची एसटी त्याला दिसत नव्हती. बुलढाण्याच्या दवाखान्यात अकरा दिवस गेले. जीव वाचला. डोळ्यांपुढचं धुकंही बरंचसं निवळलं. बोटांची थरथर तेवढी गेली नाही.

डॉक्टरांनी बोटांच्या व्यायामाला रबरी चेंडू दिला होता. "मी काय लेकरू हाये का चेंडू खेळाले?" असं म्हणून त्यानं तो कपाटावर टाकला, आणि दुसऱ्याच आठवड्यात मुलीच्या हातातला रिमोट मागून घेतला. नवरा निदान भिंतीकडे पाहत बसत नव्हता, एवढ्यावर राबियानं समाधान मानलं.

काळजी वेगळीच होती. दुकानाचं शटर चाळीस दिवस बंद होतं. राबियाचा भाऊ आमीर त्या जागेत ऑनलाइन फॉर्म भरायचं दुकान टाकतो म्हणत होता. बोलणं सरळ होतं, मनात काळंबेरं काही नव्हतं. "दुलेभाईले आता पंप नाई जमणार, आपा. त्यांनी बसावं गल्ल्यावर, पाहावं नुसतं," असं तो म्हणाला आणि शुक्रवारपर्यंत सांगा म्हणाला. बावीस वर्षं पंप उघडणारा माणूस गल्ल्यावर नुसतं पाहत बसणार, हे सईदला सोसवत नव्हतं. पण दुकान उघडतो म्हणायलाही त्याची जीभ रेटत नव्हती. हात साथ देतील की नाही, हे त्यालाच ठाऊक नव्हतं.

सोमवारी तो उमैमाला हळूच म्हणाला, "हा दरोगा पडला, तं शुक्रवारी दुकान उघडतो. नाई पडला, तं जागा मामूची."

"अब्बा, गेमवर कोणी दुकान ठरवते का?"

"हात चालते का नाई, हे कशावर ठरवू मंग? तुह्या अम्मीले नको सांगजो."

अम्मीला अर्थात तासाभरात कळलं. दोन खोल्यांच्या घरात गुपित टिकणार तरी किती!

खरी अडचण अंगठ्याची होती. दरोग्याचा सोटा आला की एकदा बटण दाबून बाजूला लोळण घ्यायची, इतकंच काम. पण सईदचा अंगठा थरथरला की बटण तीनदा दाबलं जायचं, आणि हिरो लोळत लोळत थेट नदीत. सतरापैकी नऊ वेळा तो दरोग्याच्या हातून मेलाच नव्हता, आपल्याच अंगठ्यानं बुडाला होता. उमैमाला हसू आवरत नसे. एकदा सईदलाही आलं.

बुधवारी त्याचे डोळे फार चुरचुरत होते. तो भिंतीला टेकून डोळे मिटून बसला आणि उमैमाला म्हणाला, "तू लढ थोडा वेळ." ती लढली, पडली, पुन्हा लढली. पाचव्या-सहाव्या वेळी सईद डोळे न उघडताच म्हणाला, "आता वरून मारणार." सोटा वरून आला. "आता आडवा." सोटा आडवा आला.

"तुम्हाले कसं समजलं?"

"वाजते ना तो. वरून मारायच्या आधी लांबलचक किर्र करते. आडवा मारायच्या आधी दोनदा कट् कट्. पंप हालवला की मले आवाजावरून कळते कुठचं वायसर गेलं ते. याचा तं खांदाच खिळखिळा झाला हाये."

उमैमा हे वाक्य पुढे कित्येक दिवस मैत्रिणींना सांगत होती. त्या क्षणी मात्र तिनं गुपचूप आवाज मोठा केला आणि रिमोट वडिलांकडे सरकवला.

अंगठ्याचा तोडगा त्याला गुरुवारी सापडला. पंपाची नळी खोलताना ती दोन्ही गुडघ्यांत आवळून धरायची सवय होतीच. त्यानं रिमोट तसाच गुडघ्यांत आवळला आणि मूठ वळून बोटाच्या पेरानं बटण दाबलं. थरथर मुठीत अडकून राहिली. हिरो एकदाच लोळला आणि जागच्या जागी उभा राहिला.

"अम्मी, इकडं या लवकर!" उमैमा ओरडली.

राबिया पिठाच्या हातांनीच आली. किर्र. सईदनं पेर दाबलं, सोटा दगडावर आपटला, हिरोनं दरोग्याच्या पोटरीवर दोन वार केले. कट् कट्. पुन्हा पेर. पडद्यावरची लाल पट्टी, म्हणजे दरोग्याचा उरलेला जीव, नखाएवढी कमी झाली. असं किती वेळ चाललं कोण जाणे, दहा मिनिटं असतील. मध्ये एकदा सोटा हिरोला नुसता चाटून गेला आणि राबियाच्या तोंडून "या अल्ला" निघून गेलं. सईदच्या कपाळावरचा घाम नाकावर आला होता, पण पुसायला हात मोकळा नव्हता. पट्टी संपत आली. किर्र. पेर. दोन वार. दरोगा गुडघ्यांवर आला, मग तोंडावर पडला, आणि पूल रिकामा झाला.

उमैमानं टाळ्या वाजवल्या, आणि सईदला इतका आनंद झाला की तो दोघींसमोर रडला. एवढं तो दवाखान्यातही रडला नव्हता.

"पुढं जा ना अब्बा, पुलापलीकडं शहर हाये मोठं."

"तू जाय. माहं काम झालं." त्यानं डोळे पुसले. "राबिया, शटरची चावी कुठी हाये?"

शुक्रवारी सकाळी त्यानं दुकान उघडलं. फडकं मारलं, पाने-पकडी भिंतीवरच्या खिळ्यांना अडकवल्या. राबिया पोळ्यांचा डबा घेऊन मागोमाग आली होती आणि डबा ठेवून निघायचं सोडून उगाच रेंगाळत होती. नऊ वाजता भगवंतराव आले. वरच्या शिवारातले कपाशीवाले, जुनं गिऱ्हाईक.

"उघडलं का, सईदभाई! लय बरं झालं. हे पाहा बरं, दाबच नाई धरून राह्यला. माणसं वावरात उभी हायेत माही."

सईदनं दांडा चार वेळा खालीवर केला, कान टाकीला लावला. "खालची झडप. छर्रा बसत नाई जाग्यावर." निदान अचूक होतं. पान्यानं मोठे आटे सुटले, नळी गुडघ्यांत आवळून निघाली, जुना छर्रा बाहेर आला. भगवंतराव कौतुकानं पाहत होते.

आता नवा बसवायचा होता. तुरीच्या दाण्याएवढा पोलादी छर्रा आणि त्यावर बारीक स्प्रिंग, दोन्ही चिमटीत धरून एकदम आत सोडायचे. तिथे मूठ चालत नाही आणि गुडघेही उपयोगाचे नाहीत. छर्रा पहिल्यांदा पडला, तो सईदनं उचलला. दुसऱ्यांदा टेबलाखाली गेला. तिसऱ्यांदा स्प्रिंग उडाली. चौथ्यांदा त्यानं श्वास रोखून धरला, आणि श्वास रोखल्यानं बोटं जास्तच थरथरली.

"राहू द्या, सईदभाई," भगवंतराव नरमाईनं म्हणाले. "उद्या नेतो मी. घाई नाई."

घाई होती. वावरात माणसं उभी होती. हा नरमाईचा सूर सईदला दरोग्याच्या सगळ्या फटक्यांपेक्षा जास्त लागला.

राबियानं वाकून छर्रा उचलला. ती घरी शिलाईचं काम करायची; चष्म्याशिवाय सुई ओवणारी बाई. तिनं छर्रा आणि स्प्रिंग चिमटीत धरली, ओढणी डोक्यावर सारखी केली आणि नवऱ्याकडे पाहिलं.

"कसं बसवू?"

देऊळघाटच्या स्टँडवर पंपाच्या दुकानात बाईनं हात घातलेला आजवर कोणी पाहिला नव्हता. समोर पानठेल्यावर दोघं-तिघं उभे होते आणि ते इकडेच पाहत होते. ठेव खाली, घरी जा, असं सईदला म्हणता आलं असतं. ते त्याच्या ओठांवर आलंही होतं. राबिया तशीच उभी होती, चिमूट किंचितही न हलवता. त्या न हलणाऱ्या चिमटीचा त्याला क्षणभर हेवा वाटला, अगदी राग यावा इतका.

"छर्रा आधी," तो शेवटी म्हणाला. "स्प्रिंगचं बारीक तोंड खाली. हाव. आता सोड."

छर्रा टक् करून बसला. राबियानं झाकणाचे आटे फिरवले. सईदनं टाकीत पाणी ओतलं, दांडा हाणला, कान लावला.

"अजून अर्धा आटा."

तिनं अर्धा आटा दिला. नोझलमधून पाण्याचा बारीक फवारा सुटला आणि भगवंतरावांच्या धोतरावर उडाला.

"वा! भाभी, वा!" भगवंतराव हसले. "माह्या भावाचाबी पंप पडून हाये. दुपारून आणू का?"

त्यांनी हे राबियाला विचारलं होतं. राबियानं सईदकडे पाहिलं. सईद आपल्या स्टुलावर बसला होता. बावीस वर्षांत त्या स्टुलाची रेक्झिनची गादी तीनदा बदलून झाली होती. तो उठला.

"बस इथी," तो बायकोला म्हणाला. "आणि आमीरले फोन कर. सांग, जागा खाली नाई."

"तुम्ही कुठी चालले?"

"भगवंतराव पहिलं गिऱ्हाईक हाये आज. चहा नको का पाजाले?"

आजवर चहा मागवायचा झाला की तो बसल्या जागेवरून नुसती बोटं दाखवायचा, आणि रस्त्यापलीकडून चहावाली कलाबाई ट्रे घेऊन यायची. आज तो स्वतः रस्ता ओलांडून तिच्या ठेल्यापाशी उभा राहिला.

"किती भरू, सईदभाई?"

"तीन. अर्धेच भरजो."

"अर्धे कायले?"

त्यानं हात पुढे केला. कलाबाईनं पाहिलं आणि किटली उचलली. "तुम्ही बसा जाऊन. मी आणून देतो ना."

"नाई. गिऱ्हाईक माहं हाये. मीच नेतो, दोन चकरा होतीन तं होतीन."

तिनं पहिला कप अर्ध्यावर थांबवला, मग दुसरा. तिसरा दुसऱ्या चकरेसाठी रिकामाच बाजूला ठेवला. सईदनं दोन कप उचलले, त्यातला चहा काठापर्यंत आला आणि खाली गेला, आणि मलकापूरची एसटी समोरून निघून जाईपर्यंत तो रस्त्याच्या कडेला, कपांवरची नजर न हलवता, उभा राहिला.