कडी नसलेलं घर

"दार बाहेरून लावलेलं होतं. वॉचमननंच," हेडफोनमधली म्हातारी म्हणाली, आणि टायपिस्टनं ते निमूटपणे उतरवून घेतलं.

सव्वीस वर्षांपूर्वी बाहुल्यांच्या कारखान्याला आग लागली आणि आतल्या अकरा बायका गेल्या. वाचलेल्यांना कधी कोणी काही विचारलं नाही. आता एक दिग्दर्शिका त्यांच्यावर माहितीपट करत होती, आणि मुलाखती कागदावर उतरवायचं काम हिच्याकडे आलं होतं. काम सरळ होतं. ऐकायचं तसंच लिहायचं, कळलं नाही तर कंसात 'अस्पष्ट' टाकून पुढे जायचं. कोणी रडायला लागलं की ती रेकॉर्डिंग थांबवून चहा पिऊन यायची.

"आम्ही बाहुल्या चोरू म्हणून मालकानं कडी लावायला सांगितली होती," म्हातारी सांगत होती. "मी तेवढी वॉचमनला सांगून पाणी प्यायला बाहेर आले होते, म्हणून वाचले. धूर दिसला तसा वॉचमन पळाला. मग काय वाटलं कुणास ठाऊक, परत आला. तापलेली कडी नुसत्या हातानं ओढली त्यानं. डावा तळहात चिकटून राहिला बघा. तोवर आतला आवाज थांबला होता."

टायपिस्टच्या बाबांच्या डाव्या तळहातावर बोटभर लांब, गुळगुळीत डाग होता. स्टोव्हनं भाजलं, असं ते सांगत. आणि घरातल्या एकाही दाराला कडी नव्हती, न्हाणीघराच्यासुद्धा. आत असलेल्यानं मोठ्यानं गाणं म्हणायचं, असा नियमच होता. बाबांच्या या तऱ्हेवर ती लहानपणापासून हसत आली होती.

तिनं शेवटची दोन वाक्यं तीनदा ऐकली. शब्द न् शब्द स्वच्छ होता. तिनं कंसात 'अस्पष्ट' लिहिलं.

संध्याकाळी बाबांनी रोजच्यासारखं विचारलं, "आज कोण बोललं?"

"होती एक आजी. नेहमीचंच."

"सगळं लिहिलंस ना?"

"हो."

बाबांनी तिच्यापुढे चहाचा कप सरकवला. मग म्हणाले, "उद्या शेवटचं रेकॉर्डिंग ना तुझं?"

हे तिनं त्यांना सांगितलेलंच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी तिनं हेडफोन चढवला. आधी खुर्ची सरकल्याचा आवाज आला, मग खोकला. तो खोकला तिनं झोपेतही ओळखला असता.

"कारखान्यात काय काम करायचात?" दिग्दर्शिकेनं विचारलं.

"वॉचमन होतो. कडी मीच लावली." बाबांचाच आवाज होता. "मॅडम, हे टाईप करते ती माझी मुलगी आहे. तिला यातलं काही माहीत नाही. त्या बायकांचं काही गाळू नको म्हणावं. माझ्यासाठी तर नकोच."

"तुम्हीच घरी सांगा ना तिला."

"तिच्या तोंडावर बोलायची हिंमत असती तर इथे कशाला आलो असतो?" पुन्हा खोकला आला. "तिला सावकाश लिहू दे. मी थांबतो."

पुढे बराच वेळ कोणी बोललं नाही. टायपिस्टनं रेकॉर्डिंग बंद केलं नाही. तिनं म्हातारीचं पान उघडलं, कंस खोडला आणि डाव्या तळहातापासून लिहायला घेतलं. कानात बाबांचा श्वास चालू होता.