आठवं बटण

वीस वर्षं मी कॉम्प्युटर दुरुस्त करतोय; अनोळखी उपकरण ओळखण्यात माझा हात कुणी धरू शकत नाही, असं मी येईल त्याला ऐकवतो. बाईंनाही ऐकवलं. त्यांनी मला चौथीत शिकवलं होतं, त्यामुळे त्यांच्या घरी जाताना छाती जरा जास्तच फुगली होती.

टेबलावर आठ बटणांची डबी होती. घशाच्या ऑपरेशननंतर आवाज जाणार हे कळल्यावर बाईंच्या यजमानांनी, म्हणजे काकांनी, तिच्यात स्वतःच्या आवाजात आठ वाक्यं भरून ठेवली होती. डबी कॉम्प्युटरला जोडायची, बटण दाबायचं, की काका बोलायचे. ‘पाणी दे.’ ‘पंखा बंद कर.’ ‘चिडू नकोस.’

“आठवं मी गेल्यावर दाब, असं पाटीवर लिहून दाखवलं होतं त्यांनी,” बाई म्हणाल्या. “वर्षभर माझा धीरच झाला नाही. आता जुना कॉम्प्युटर बंद पडला आणि हा नवा तिला ओळखतच नाही.”

स्क्रीनवर डबीच्या नावाच्या जागी ‘अनोळखी उपकरण’ आणि पिवळं उद्गारचिन्ह. ड्रायव्हर नाही, म्हणजे तिच्याशी बोलायचं कसं हेच कॉम्प्युटरला ठाऊक नाही. मी डबीचा क्रमांक काढून शोधायला बसलो. बनवणारी कंपनी केव्हाच बुडाली होती. दोन तास डोकं खाजवल्यावर इंटरनेटवरच्या कुठल्याशा जुन्या पानावर ड्रायव्हर सापडला. बाई शेजारीच बसून होत्या, चहा गार झाला तरी उठल्या नाहीत.

ड्रायव्हर टाकताना प्रश्नांच्या चौकटी येतात. हो, पुढे, हो, हो. वीस वर्षांत मी त्या कधी वाचल्या नाहीत, वाचत बसणाऱ्यांची उलट टिंगलच केली. शेवटची चौकट विचारत होती, डबीतलं सगळं पुसून नव्याने सुरुवात करू का? मी ते वाचेपर्यंत बोट हो म्हणून मोकळं झालं होतं.

पिवळं चिन्ह गेलं. तिथे डबीचं नाव आलं.

“लागली?” बाईंनी विचारलं.

डबीतलं सगळं पुसलं गेलं, असं मी सांगितलं. आयुष्यात इतकी लाज कधी वाटली नव्हती.

पेपर देण्याआधी एकदा वाचून बघ, असं त्या मला चौथीत दर परीक्षेला बजावायच्या. आज डबी जवळ ओढून त्यांनी आठवं बटण दाबलं, आणि बराच वेळ दाबून धरलं.

“दाबलं हो मी,” त्या डबीला म्हणाल्या. “जरा उशीर झाला.”